गाविलगडाच्या दरवाज्यावरचं दोन डोक्यांचं पाखरू

गाविलगडाच्या दिल्ली दरवाज्यासमोर पोचलं की माणूस आधी मान वर करतो, मग डोळे बारीक करतो आणि शेवटी बोट दाखवून मोजायला लागतो. दगडात सिंह आहेत. सिंहांच्या तावडीत इवलेसे हत्ती आहेत. खजुरीची झाडं आहेत. आणि एक पक्षी आहे, त्याला धड एक आणि माना दोन. एक चोच उगवतीकडे, दुसरी मावळतीकडे असावी तशी.

मी गेलो होतो तेव्हा दरवाज्याच्या सावलीत एक म्हातारा शेळ्या घेऊन बसला होता. चिखलदऱ्यापासून किल्ला हाकेच्या अंतरावर, त्यामुळे गुरंढोरं, शेळ्या आत-बाहेर करतच असतात. मी त्याला विचारलं, “हे काय होय, बाबा?”

“पाखरू होय जी.”

“दोन डोके काहून त्याले?”

म्हाताऱ्याने माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी अगदीच शहरी होतो. “एक आत पाहाले, एक बाह्यर पाहाले. दरवाजा हाय ना, बाप्पा!”

या पक्ष्यावर नंतर बरंच वाचलं. इतकं नेटकं उत्तर कुठे सापडलं नाही.

या पाखराचं नाव गंडभेरुंड. मेळघाटच्या पक्षीयादीत ते नाही, कुठल्याच यादीत नाही. सांगाडा नाही, पीस नाही, अंडं नाही. तरीही त्याला शरीररचना आहे, आहार आहे, शत्रू आहेत, स्थलांतराचा इतिहास आहे आणि अधिवासही आहे : देवळांची छतं, खांब, नाणी आणि किल्ल्यांचे दरवाजे. मग एखाद्या खऱ्या प्राण्याचं वर्णन लिहावं तसं याचं का लिहू नये, असं मला वाटलं.

आधी आकार. जिवंत प्राण्याची उंची मोजायला टेप लागते. दगडातल्या प्राण्याची उंची त्याच्या शेजारी काय कोरलंय त्यावरून कळते. शिल्पकाराला आपला प्राणी प्रचंड आहे असं सांगायचं होतं, पण चौकटीत जागा वीतभर. मग त्याने प्राणी वाढवला नाही, हत्ती लहान केले. सिंहाच्या पंजाखालचा हत्ती मांजरीच्या पिलाएवढा दिसला की बघणाऱ्याच्या मनात सिंह आपोआप डोंगराएवढा होतो. गंडभेरुंडाच्या बाबतीत हीच युक्ती अजून ताणली गेली. विजयनगरच्या अच्युतदेवरायाच्या सोन्याच्या नाण्यांवर हा पक्षी चोचींत आणि नखांत हत्ती घेऊन उभा आहे. नाणं नखाएवढं, त्यावर पक्षी, आणि त्याच्याकडे चार हत्ती. वयात आलेला एक भारतीय नर हत्ती सुमारे चार टनांचा. म्हणजे हा पक्षी सोळा टन उचलून आहे, आणि चेहऱ्यावर कष्टाची रेघ नाही.

आता हे जमेल का? उडण्याचा हिशेब फार निष्ठुर असतो. पक्षी सगळ्या बाजूंनी दुप्पट मोठा केला तर पंखांचं क्षेत्रफळ चौपट होतं, पण वजन आठपट. तिप्पट केला तर पंख नऊपट, वजन सत्तावीसपट. म्हणून मोठ्या पक्ष्याला लवकरच आभाळ जड होतं. अर्जेंटिनात साधारण 60 लाख वर्षांपूर्वी अर्जेंटाविस नावाचा एक पक्षी होता, आजवर उडालेल्या सर्वांत वजनदार पक्ष्यांपैकी एक. त्याचं वजन 70 किलोच्या आसपास, म्हणजे आपल्या गावातल्या एखाद्या धट्ट्याकट्ट्या माणसाएवढं. हत्तीचं पिल्लू जन्मतःच त्याहून जड असतं. तेव्हा हत्ती उचलण्याच्या बाबतीत आपलं पाखरू साफ नापास.

पण दोन डोक्यांच्या बाबतीत? इथे गंमत आहे. इथे ते नापास होत नाही.

1924 साली जर्मनीत हान्स श्पेमान आणि त्यांची विद्यार्थिनी हिल्डे मान्गोल्ड यांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. न्यूट नावाचा, पालीसारखा दिसणारा पण पाण्यात अंडी घालणारा जीव असतो. त्याच्या अगदी कोवळ्या भ्रूणातला एक कणभर तुकडा काढून त्यांनी तो दुसऱ्या भ्रूणाच्या पोटाच्या बाजूला बसवला. त्या कणाने आजूबाजूच्या पेशींना हुकूम सोडल्यासारखं केलं : पाठीचा कणा इथे, मेंदू इथे. आणि त्या भ्रूणाच्या पोटावर दुसरा भ्रूण उगवला, जुळ्या भावासारखा चिकटलेला. शरीर कुठून सुरू करायचं, डोकं कुठे काढायचं, हे ठरवणारी जागा इतकी छोटी असते. त्या कामासाठी श्पेमान यांना 1935 साली नोबेल मिळालं. हिल्डे मान्गोल्ड तोवर नव्हत्या. 1924 सालीच एका अपघातात त्या गेल्या.

म्हणजे दुसरं डोकं ही निसर्गाला अशक्य गोष्ट नाही, ती एक चुकलेली आज्ञा आहे. दोन डोक्यांची कोंबडीची पिलं क्वचित जन्मतात आणि बहुधा जगत नाहीत. दोन डोक्यांचे साप मात्र थोडे दिवस जगतात, काही तर पाळलेले अनेक वर्षं जगलेत. (आपल्याकडचं मांडूळ यात धरू नका. त्याला दुतोंड्या म्हणतात खरं, पण त्याची शेपटीच बोथट असते, आणि या एका गैरसमजापायी त्या गरीब सापाची किती तस्करी होते!) खऱ्या दोन डोक्यांच्या सापात एक चमत्कारिक गोष्ट दिसते : उंदीर समोर आला की दोन्ही डोकी एकमेकांशी भांडतात. भक्ष्य कोणी गिळायचं यावरून. खाली पोट एकच असलं तरी.

हे वाचताना मी थबकलो, कारण ही गोष्ट मला लहानपणापासून माहीत होती. पंचतंत्रात भारुंड नावाचा पक्षी आहे, पोट एक, माना दोन. एका मुखाला गोड फळ मिळालं. दुसऱ्याने मागितलं तर ते म्हणालं, कुणीही खाल्लं तरी पोट भरणारच ना. आणि दिलं नाही. दुसरं मुख मनात धरून बसलं, एक दिवस त्याला विषारी फळ मिळालं आणि सूड म्हणून त्याने ते खाल्लं. दोघेही मेले. ज्याने ही कथा रचली त्याने दोन डोक्यांचा साप पाहिला असेल की नाही कोण जाणे. पण अशा जिवाचं मुख्य दुखणं त्याने बरोबर ओळखलं : दोन मेंदू आणि एक पोट.

भारुंड आणि भेरुंड हे एकाच कुळातले मानले जातात. जैन ग्रंथांतही भारंड पक्षी येतो, तिथे तो भांडखोर नाही, उलट सावधपणाचं उदाहरण आहे. मुनीने भारंडासारखं जागरूक राहावं, असं सांगितलं जातं, कारण दोन मुखांच्या त्या देहात जरा बेसावध झालं की सगळंच संपतं. जैन कथांत हेच पक्षी व्यापाऱ्यांना उचलून रत्नद्वीपावर नेतात : व्यापारी बकऱ्याच्या कातड्यात स्वतःला शिवून घेतात आणि पक्षी त्यांना मांस समजून घेऊन जातात. सिंदबादच्या गोष्टीतला रुख आठवला ना?

आणि मराठीत तर हा पक्षी आपण रोज नाही तरी कीर्तनात ऐकतो. एकनाथांची भारुडं. वरून विंचू, जोगवा, भुत्या, वासुदेव, आतून परमार्थ. ‘भारुड’ शब्द कसा आला याच्या अनेक व्युत्पत्ती दिल्या जातात, त्यातली एक अशी की दोन तोंडांच्या भारुंडासारखं दोन अर्थांनी बोलतं ते भारुड. व्युत्पत्ती म्हणून ती टिकेल की नाही ते भाषेच्या जाणकारांनी ठरवावं. मला ती आवडते, कारण ती खरी असेल तर गाविलगडावरचं पाखरू पैठणच्या वाटेने आपल्या घरात येऊन बसलंय आणि आपण त्याला ओळखलंच नाही.

आता या पाखराचे शेजारी बघू. किल्ल्यांच्या दरवाज्यांवर सिंहासारखा जो प्राणी दिसतो, त्याला किल्ले हिंडणारे ‘शरभ’ म्हणतात. अकोट तालुक्यात नरनाळा किल्ल्याच्या शहानूर दरवाज्यावर असे सिंहासारखे प्राणी कोरलेत. पूर्वेला चंद्रपूरच्या परकोटाच्या दरवाज्यांवर हत्तीवर चढलेला सिंह आहे, ती गोंड राजांची खूण. जुन्या ग्रंथांतला शरभ मात्र वेगळा, आठ पायांचा आणि सिंहाला मारणारा. महाभारताच्या शांतिपर्वात एका ऋषीच्या कुत्र्याची गोष्ट आहे. भीती वाटली की ऋषी त्याला वरच्या प्राण्यात बदलतो : बिबट्या, वाघ, हत्ती, सिंह आणि सगळ्यात शेवटी शरभ. शरभ झाल्यावर कुत्रा ऋषीवरच उलटतो, आणि ऋषी त्याला परत कुत्रा करतो. म्हणजे प्राण्यांच्या शिडीची शेवटची पायरी शरभ.

शरीररचनेच्या दृष्टीने पाहिलं तर शरभ हा गंडभेरुंडाहून कितीतरी अवघड प्राणी आहे. का ते सांगतो. मासा, बेडूक, पाल, पक्षी, गाय, तुम्ही, मी, आपण सगळे चार अवयवांचे. सुमारे 37 कोटी वर्षांपूर्वी जे मासे जमिनीकडे सरकू लागले, त्यांना पोहायच्या परांच्या दोन जोड्या होत्या, आणि त्यानंतर कणा असलेल्या कुठल्याही प्राण्याने तिसरी जोडी काढलेली नाही. पक्ष्याने पंख मिळवले तर हात गमावून. वटवाघळानेही तेच केलं. सापाने चारही टाकून दिले. कमी करता येतात, वाढवता येत नाहीत. त्यामुळे पंख असलेला सिंह म्हणजे सहा अवयव, आठ पायांचा शरभ तर थेट कोळ्याच्या घरी जाऊन बसतो. गंडभेरुंड मात्र पाय दोन, पंख दोन, एवढाच हिशेब राखतो आणि फक्त डोक्यात घोटाळा करतो. दगडातल्या सगळ्या अशक्य प्राण्यांत हा सर्वांत शक्य.

शरभ आणि भेरुंड यांचं वैर पुराणकथांत आहे. हिरण्यकशिपूला फाडल्यावर नरसिंह शांत होईना, म्हणून शिव शरभ झाला, असं शैव सांगतात. आणि त्या शरभाला आवरायला विष्णूने गंडभेरुंडाचं रूप घेतलं, असं वैष्णव सांगतात. दोन गावच्या पैलवानांच्या जोरासारखी ही कथा वाढत गेली, प्रत्येकाने वरचढ जनावर काढलं.

या चढाओढीचा अप्रतिम नमुना कर्नाटकात बेलूरला आहे. 1117 च्या सुमारास उभं राहिलेलं चेन्नकेशवाचं देऊळ. तिथे एका शिल्पात हरणाला अजगराने धरलंय, अजगराला हत्तीने, हत्तीला सिंहाने, सिंहाला शरभाने, आणि शरभाला गंडभेरुंडाने. शेजारी एक ऋषी आश्चर्याने बघत उभा आहे, आणि मला वाटतं त्या शिल्पातला सर्वांत खरा प्राणी तोच. (हत्ती अजगर खात नाही, हे शिल्पकाराला माहीत नसेल असं मानायला मी तयार नाही. त्याला साखळी पुरी करायची होती.)

पण ही साखळी मेळघाटात आणून पाहा. 1973 मध्ये व्याघ्रप्रकल्प सुरू झाला तेव्हाच्या पहिल्या नऊ जंगलांत मेळघाट होतं, त्यामुळे इथे वाघाचा हिशेब जुना आहे. एका वाघाला वर्षाकाठी साधारण पन्नास हरणाएवढी जनावरं लागतात, आणि ती मारूनही कळप टिकावा म्हणून मागे सुमारे पाचशे जिवंत असावी लागतात. खाण्याच्या प्रत्येक पायरीवर ऊर्जेचा साधारण दहावा भागच वर जातो, बाकीचा ऊब, धावणं, श्वास यात संपतो. म्हणून जंगलात गवत फार, सांबर पुष्कळ, वाघ मोजके. वाघाला खाणारा एखादा शरभ असता तर त्याच्या एका पोटासाठी किती मेळघाट लागले असते! आणि शरभाला खाणारा भेरुंड तर अख्ख्या दख्खनेत एकच मावला असता. म्हणजे शिल्पकारांना नकळत बरोबर संख्या सुचली होती : दरवाज्यागणिक एक.

मग हा कानडी मुलखातला पक्षी सातपुड्याच्या डोंगरावर आला कसा?

जुन्या ओळखीच्या खुणा कर्नाटकातच सापडतात. शिमोगा जिल्ह्यात बळ्ळिगावे इथे 1047 सालचा भेरुंडेश्वराचा उंच खांब आहे, त्यावरचा भेरुंड तर माणसाच्या देहाचा आणि दोन पक्षीमुखांचा. त्याहून मागे जायचं तर तक्षशिलेच्या सिरकपमध्ये एका स्तूपाच्या बैठकीवर दोन डोक्यांचा गरुड आहे, आणि त्याहूनही मागे, सुमारे सव्वातीन हजार वर्षांपूर्वी, आजच्या तुर्कस्तानात हित्ती लोकांच्या अलाजाहोयुक इथल्या दरवाज्यावर असाच गरुड आहे. दरवाज्यावरच! त्याच्या नखांत ससे आहेत. आपल्याकडच्या लोकांना ससा पुरला नाही, ते हत्तीवर गेले. पुढे बायझंटियम, रशिया, ऑस्ट्रिया, सगळ्यांनी दोन डोकी मिरवली. आज कर्नाटक सरकारच्या मुद्रेवर हाच पक्षी आहे, तो म्हैसूरच्या वडियारांकडून आलेला.

वऱ्हाडात तो आणला असं मानलं जातं फतहुल्ला इमाद-उल-मुल्कने. फिरिश्ता सांगतो की फतहुल्ला मूळचा विजयनगरच्या कानडी हिंदूंपैकी. लढाईत पकडला गेला, वऱ्हाडच्या सरदाराच्या पदरी वाढला, मुसलमान झाला, चढत चढत बहामनी राज्याचा वऱ्हाडचा तरफदार झाला. नरनाळ्याच्या महाकाली दरवाज्यावरचा फारसी लेख 1487 चा, त्यात बहामनी सुलतानाच्या नावासोबत त्याचंही नाव आहे. त्या दरवाज्यावर नक्षी अशी की दगडाची आहे हे विसरायला होतं. गाविलगडाचं काम त्याने 1488 च्या सुमारास केलं, मुळात तो किल्ला 1425-26 मध्ये अहमदशहा बहामनीने बांधवलेला. आणि 1490 मध्ये फतहुल्ला स्वतंत्र झाला. वऱ्हाडची इमादशाही. अचलपूर राजधानी. 1574 मध्ये ती अहमदनगरच्या निजामशाहीने गिळली, अगदी बेलूरच्या साखळीसारखी.

सहसा सांगतात की फतहुल्लाने आपल्या माहेरच्या विजयनगरचं चिन्ह इथे कोरलं. गोष्ट देखणी आहे, पण तारखा जरा अडवतात. विजयनगरची राजमुद्रा वराहाची. आणि अच्युतदेवरायाची गंडभेरुंडाची नाणी 1529 नंतरची, म्हणजे गाविलगडाचं पाखरू त्यांच्याहून चाळीस वर्षांनी थोरलं! तेव्हा नाण्यावरून दरवाज्यावर आलं हे जमत नाही. मला उलट वाटतं : कानडी मुलखात हा पक्षी शेकडो वर्षं देवळात, खांबावर, राजांच्या बिरुदात होताच. लहानपणी पळवून आणलेल्या एका पोराला धर्म बदलला, भाषा बदलली, नाव बदललं, तरी घराजवळच्या देवळातलं ते दोन डोक्यांचं काहीतरी आठवत राहिलं असेल. सत्ता हातात आल्यावर पाथरवटाला त्याने सांगितलं असेल, असं कर. हे मी सिद्ध करू शकत नाही. पण त्या दरवाज्याखाली उभं राहिलं की असंच वाटतं.

पुढची तीनशे वर्षं पाखरू तिथेच. 15 डिसेंबर 1803 ला आर्थर वेलस्लीच्या फौजेने गाविलगड घेतला, त्याच्या साधारण पंधरवडाभर आधी खाली अडगावची लढाई झालेली. 1858 मध्ये इंग्रजांनी किल्ल्याची तटबंदी मोडून टाकली. दरवाजा राहिला.

याच डोंगरात एक खरा पक्षीही असाच दंतकथा होऊन बसला होता. रानपिंगळा. त्याचा शेवटचा खरा नमुना 1884 चा, त्यानंतर तो दिसेनाच. मधे 1914 चा एक नमुना होता, तो मायनर्ट्‌झहागेन नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने संग्रहालयातून चोरून, पुन्हा पेंढा भरून, खोटी चिठ्ठी लावून ठेवलेला निघाला. त्या खोट्या चिठ्ठीवर विश्वासून लोक चुकीच्या जागी शोधत राहिले. अखेर नोव्हेंबर 1997 मध्ये पामेला रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड ॲबट यांना तो शहाद्याजवळ दिसला, 113 वर्षांनी. मग मेळघाटातही सापडला. खऱ्या पक्ष्याची कथा खोटी आणि खोट्या पक्ष्याचा दगडी नमुना पाचशे वर्षं जागच्या जागी, अशी ही सातपुड्याची पक्षीगणना.

उन्हं कलली, म्हातारा शेळ्या हाकायला उठला. मी त्याला विचारलं, इकडे तो रानातला पिंगळा दिसतो का, दिवसाढवळ्या झाडावर बसणारा.

“दिसते ना. दिवसाच दिसते ते.” त्याने काठीने सागाच्या वाळक्या शेंड्याकडे दाखवलं. “सकाळीच तठी बसलं होतं. आता गेलं असन. तुम्ही त त्या दगडाच्याकडेच पाहून राहिले व्हते.”